मदत हवी आहे: बारावीचं 'लाइन अँड प्लेन', उत्तर येतं पण चित्र दिसत नाही

घोडबंदरकर

नमस्कार मंडळी. लेक बारावी सायन्सला आहे, स्टेट बोर्ड. गणिताच्या पहिल्या भागातल्या सहाव्या प्रकरणात, 'लाइन अँड प्लेन'मध्ये (रेषा आणि प्रतल, म्हणजे सपाट पृष्ठभाग), गाडी अडली आहे. गणितं सुटतात, मार्कही पडतात, पण सुटलेल्या गणिताचा अर्थ विचारला की बाईसाहेब गप्प. ठाण्याच्या नौपाड्यात क्लास आहे, तिथे विचारलं तर "सूत्र पाठ कर, सीईटीला दीड तासात ५० प्रश्न असतात, चित्रं काढत बसलीस तर संपलं." त्यांचंही खोटं नाही. पण हिच्या गळी ते उतरत नाही आणि मी पडले कॉमर्सवाली.

शंका दोन आहेत, तिच्या वहीतून उतरवून देते.

पहिली: प्रतल आहे एक्स + २ वाय − झेड = ४. रेषा (२, १, १) मधून जाते, दिशा (१, १, ३). छेदनबिंदू काढा. तिने रेषेवरचा कुठलाही बिंदू (२ + लॅम्डा, १ + लॅम्डा, १ + ३ लॅम्डा) असा धरून (लॅम्डा म्हणजे कुठलीही संख्या) समीकरणात घातला. लॅम्डा सगळे उडाले आणि खाली उरलं ३ = ४. उत्तर दिलंय 'रेषा प्रतलाला समांतर'. तिचं म्हणणं, रेषेची दिशा आणि प्रतलाच्या समीकरणातले आकडे (१, २, −१) यांचा डॉट प्रॉडक्ट (जोडीजोडीने गुणून बेरीज) शून्य येतो. शून्य म्हणजे काटकोन. मग रेषा प्रतलाला लंब हवी ना, समांतर कशी?

दुसरी: एक रेषा (१, २, ०) मधून, दिशा (१, १, २). दुसरी (२, ५, १) मधून, दिशा (१, −१, १). एक्स आणि वाय जुळवले तर पहिल्या रेषेचा लॅम्डा २ आणि दुसरीचा म्यू १. ते घातल्यावर पहिल्या रेषेवर (३, ४, ४) आणि दुसरीवर (३, ४, २). झेड जुळत नाही, म्हणजे छेदत नाहीत. इथवर ठीक. एक बिंदू बरोबर दुसऱ्याच्या डोक्यावर आहे, मध्ये अंतर २. पण 'शॉर्टेस्ट डिस्टन्स'चं सूत्र लावलं की येतं ४ भागिले वर्गमूळ १४, म्हणजे साधारण १.०७. दोन का नाही?

घरातल्या वस्तू हातात घेऊन दाखवता येईल असं कोणी सांगाल का?

तलावपाळी

ताई, पहिलीचं सांगतो. तिला टेबलावर एक पेन उभं धरायला सांगा. टेबल म्हणजे प्रतल. (१, २, −१) हे आकडे टेबलाची दिशा सांगत नाहीत, त्या उभ्या पेनाची सांगतात. त्यालाच नॉर्मल म्हणतात. आता दुसरं पेन टेबलावर आडवं ठेवा. उभ्या पेनाशी त्याचा काटकोन होतो की नाही? आणि ते आहे कुठे, तर टेबलातच. तसंच सपाट धरून वीतभर वर उचला. काटकोन तोच, पण आता ते टेबलाला कुठेच टेकणार नाही, कितीही लांबवलं तरी. डॉट प्रॉडक्ट शून्य म्हणजे रेषा नॉर्मलला लंब. नॉर्मलला लंब म्हणजे प्रतलाला समांतर, नाहीतर प्रतलातच पडलेली. प्रतलाला लंब रेषा हवी असेल तर तिची दिशा नॉर्मलच्याच पटीत पाहिजे, उदाहरणार्थ (२, ४, −२).

आणि ते ३ = ४ म्हणजे गणित बिघडलंय असं समजू नका. या रेषेवर कुठेही जा, एक्स + २ वाय − झेड याची किंमत ३च राहते. प्रतल आहे जिथे ही किंमत ४ होते तिथे. गाठ पडणार कशी? रेषा (२, १, १) ऐवजी (२, १, ०) मधून काढली असती, दिशा तीच, तर उरलं असतं ४ = ४. म्हणजे अख्खी रेषा प्रतलात. लॅम्डा शिल्लक राहिला तर मात्र एकच छेदनबिंदू, चौथी भानगड नाही.

कळवानाका

एवढ्या खोलात कशाला जायचं? बोर्डात सूत्राला मार्क आहेत, अर्थाला नाहीत.

ड्राफ्टर_रबाळे

कळवानाका, मार्क मिळतातच आहेत की तिला, प्रश्न वेगळा आहे.

दुसरी शंका आमच्या लाइनीतली. आयुष्य ड्रॉइंगवर गेलंय, त्यामुळे जरा लांबण लावतो.

ताई, कोपरीचा पूल रोजचा असेल तुमचा. वरून ईस्टर्न एक्सप्रेस हायवे, खालून मध्य रेल्वेचे रूळ. मोबाइलवर नकाशा उघडा, दोन्ही रेषा एकमेकींना छेदताना दिसतील. प्रत्यक्षात एसटी आणि लोकलची टक्कर होत नाही, कारण नकाशा हा टॉप व्ह्यू, म्हणजे वरून पाहिलेलं चित्र, आहे आणि टॉप व्ह्यूत उंची मेलेली असते. लेकीने एक्स आणि वाय जुळवले तेव्हा तिने नेमका नकाशाच काढला. नकाशात छेद (३, ४) वर. मग झेड पाहिला तेव्हा कळलं की एक रेषा पुलावर, दुसरी पुलाखाली. अशा जोडीला स्क्यू लाइन म्हणतात. समांतर नाहीत, छेदतही नाहीत, आणि दोघींना सामावणारं एक प्रतल शोधून सापडणार नाही.

आता तिला ग्राफ पेपरवर दोन व्ह्यू काढू द्या. वर फ्रंट व्ह्यू (समोरून, एक्स आणि झेड), त्याच्या बरोबर खाली टॉप व्ह्यू (एक्स आणि वाय), फर्स्ट अँगल या ड्रॉइंगच्या पद्धतीत काढतात तसं. टॉप व्ह्यूत दोन रेषा एक्स = ३ वर छेदतील. फ्रंट व्ह्यूत छेदतील एक्स = १ वर. दोन्ही छेद एकाच उभ्या प्रोजेक्टरवर (दोन व्ह्यूंना जोडणाऱ्या रेघेवर) आले असते तर रेषा खरोखर छेदल्या असत्या. इथे नाही आले, विषय संपला. (एखादी रेषा प्रोफाइल प्लेनला, म्हणजे वाय-झेड प्रतलाला, समांतर असेल तर साइड व्ह्यूही लागतो, पण ते इथे नको.) ही सगळी विद्या गास्पार मोंज या फ्रेंच माणसाची, १८व्या शतकातली. किल्ल्यांच्या तटबंदीच्या आखणीतून निघाली आणि बरीच वर्षं लष्करी गुपित म्हणून दडवून ठेवली होती.

आता २ आणि १.०७. कोपरीला रस्ता आणि रूळ दोन्ही जवळपास सपाट, म्हणून ओळंबा (वजन बांधलेली दोरी) सरळ खाली सोडून मोजलं की तेच सर्वांत कमी अंतर. तुमच्या गणितातल्या रेषा सपाट नाहीत. पहिली ५५ अंशांच्या आसपास चढते, दुसरी ३५च्या. तिरक्या रेषेला ओळंबा काटकोनात बसत नाही, आणि सर्वांत कमी अंतर म्हणजे जे दोन्ही रेषांशी काटकोन करतं ते. ती काटकोनाची दिशा क्रॉस प्रॉडक्टने (दोन्ही दिशांना लंब अशी तिसरी दिशा देणारा गुणाकार) येते: (३, १, −२). ओळंब्याचं २ घ्या आणि या दिशेवर त्याचा प्रक्षेप, म्हणजे काटकोनात पडणारी सावली, काढा. उत्तर ४ भागिले वर्गमूळ १४! सूत्र एवढंच करतं. दोन रेषांवरचे कुठलेही दोन बिंदू जोडा, या दिशेवरचा प्रक्षेप तेवढाच येतो, म्हणून सूत्रात दिलेले बिंदू घातले तरी चालतं.

दोन विणायच्या सुया हवेत तिरक्या धरा आणि त्यांच्यामध्ये दोरा ताणून सर्वांत आखूड जागा शोधायला सांगा. तो दोरा उभा राहत नाही, कलतो, हे हातालाच कळेल.

घोडबंदरकर

सुया घरात होत्याच. दोरा कलला तशी ती ओरडलीच, "आई, म्हणून १.०७!" दोघांचे मनापासून आभार. कळवानाका, तुमचेही, क्लासची बाजू मांडल्याबद्दल.

जाता जाता तिचाच एक प्रश्न. तीन प्रतलं, एकही जोडी समांतर नाही, तरी तिन्हींचा मिळून सामाईक बिंदू नाही, असं होऊ शकतं का? तीन समीकरणांच्या सहगुणकांचा डिटर्मिनंट शून्य आला की 'उत्तर नाही किंवा अनंत उत्तरं' एवढंच तिला सांगितलंय.

तलावपाळी

होतं. झेड = ०, वाय + झेड = २ आणि झेड − वाय = २ ही तीन घ्या. शेवटच्या दोनांची बेरीज केली की झेड = २, आणि पहिलं म्हणतं ०. दोन-दोन प्रतलं रेषेत छेदतात, पण त्या तीन रेषा एकमेकींना समांतर, मध्ये त्रिकोणी बोगदा. तीन पोस्टकार्डं टेकवून तो उभा करता येईल. आता पहिलं बदलून झेड = २ करा आणि बोगद्याचं काय होतं ते तिलाच सांगू द्या.

ड्राफ्टर_रबाळे

त्याचा साइड व्ह्यू काढ म्हणावं. तीन प्रतलं तीन रेषा होऊन दिसतील, एका नजरेत उत्तर.