मदत हवी आहे: बहुपदींच्या भागाकारात बाकी जुळत नाही

नमस्कार. बऱ्याच वर्षांनी बीजगणित पुन्हा शिकायला घेतलंय. बेरीज, वजाबाकी, गुणाकार जमले, पण बहुपदींच्या भागाकारापाशी दोन दिवस अडकले आहे. उदाहरण असं:

(२क्ष⁴ − ५क्ष² + ३क्ष − ४) ÷ (क्ष² − २क्ष + १)

२क्ष⁴ ला क्ष² ने भागून २क्ष² आले. त्याने भाजकाला गुणलं: २क्ष⁴ − ४क्ष³ + २क्ष². वजा केल्यावर उरलं −४क्ष³ − ७क्ष² + ३क्ष − ४. असंच पुढे जाऊन भागाकार २क्ष² − ४क्ष − १५ आणि बाकी −२३क्ष + ११ आली. पुस्तकातलं उत्तर मात्र भागाकार २क्ष² + ४क्ष + १, बाकी क्ष − ५ असं आहे. तीनदा नव्याने मांडलं, तिन्ही वेळा माझं तेच. कुठे चुकतंय?

आणखी एक. बाकीत क्ष कसा उरतो? अजून भाग जाईल असं वाटत राहतं. थांबायचं कधी?

प्रतिसाद १

सगळ्या पायऱ्या लिहिल्यात म्हणून चूक लगेच दिसली. ती पहिल्याच वजाबाकीत आहे. भाज्यात क्ष³ चं पद नाही, त्यामुळे −४क्ष³ च्या वरची जागा रिकामी राहिली आणि तुम्ही ते पद तसंच खाली उतरवलंत. पण वर काही नाही म्हणजे वर शून्य आहे, आणि ० − (−४) = ४. पुढचं तुमचं काम बरोबर आहे, फक्त चुकीच्या ओळीवर झालंय.

म्हणून भाज्य आधी घातांक उतरत्या क्रमाने लिहा आणि नसलेल्या पदाचा सहगुणक (क्ष च्या आधीची संख्या) शून्य धरा:

२क्ष⁴ + ०क्ष³ − ५क्ष² + ३क्ष − ४

२क्ष² ने गुणून वजा केलं की ४क्ष³ − ७क्ष² + ३क्ष − ४ उरतं.
मग ४क्ष ने: क्ष² − क्ष − ४.
मग १ ने: क्ष − ५.

वजा करायच्या ओळीतल्या प्रत्येक पदाचं चिन्ह आधी बदलून लिहा आणि मग सरळ बेरीज करा. मनातल्या मनात चिन्ह बदलायला जाऊ नका, बहुतेक चुका तिथेच होतात.

थांबायचं कधी, तर बाकीची कोटी, म्हणजे तिच्यातला क्ष चा सर्वांत मोठा घातांक, भाजकाच्या कोटीपेक्षा कमी झाली की. संख्यांमध्ये बाकी भाजकापेक्षा लहान असते, इथे लहानमोठेपणा कोटीवर ठरतो. भाजक दुसऱ्या कोटीचा आहे, म्हणून बाकीत क्ष राहू शकतो. क्ष − ५ ला क्ष² ने भागायला गेलात तर १/क्ष येईल, आणि ते बहुपदीत चालत नाही.

पडताळा घ्यायची सवय लावा: भाज्य = भाजक × भागाकार + बाकी. क्ष = १ ठेवा. भाजक शून्य होतो, म्हणजे भाज्य आणि बाकी सारखे यायला हवेत. भाज्य: २ − ५ + ३ − ४ = −४. क्ष − ५ मधूनही −४. तुमच्या बाकीतून −१२ येतात, म्हणजे पुस्तक न उघडताही चूक कळली असती.

प्रतिसाद २

या उदाहरणात भाजक (क्ष − १)² आहे, त्यामुळे १ घेऊन संश्लेषक पद्धतीने (फक्त सहगुणक मांडून भागायची छोटी रीत) दोनदा भागूनही करता येतं. सहगुणक २, ०, −५, ३, −४. पहिल्यांदा २, २, −३, ० आणि बाकी −४. त्याच चार आकड्यांना पुन्हा भागलं की २, ४, १ आणि बाकी १. एकूण बाकी १(क्ष − १) − ४ = क्ष − ५. मात्र इथेही ते शून्य लिहावंच लागतं.

धागाकर्ती

दोघांचेही मनापासून आभार! शून्य घालून पुन्हा मांडलं, उत्तर जुळलं. लगेच (क्ष³ − ८) ÷ (क्ष − २) घेतलं, त्यात दोन शून्यं घालावी लागली. भागाकार क्ष² + २क्ष + ४, बाकी ०. पडताळाही घेतला, बरोबर आला.