मूळपाप: बायबल अभ्यासात कसं मांडावं?

प्रश्न – कृष्णाकाठ, मिरज
तरुण संघात दोन रविवार मूळपापावर (आदामाच्या पहिल्या पापाचा वारसा प्रत्येकाला जन्मतःच मिळतो, ही ख्रिस्ती शिकवण) घ्यायचे आहेत, तास-तासभर. मंडळी सीएनआयची (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया, प्रोटेस्टंट), पण काही मुलं कॅथलिक घरांतली, काही हिंदू. ‘आदामानं फळ खाल्लं, भोगायचं आम्ही का?’ हे पहिल्या पाच मिनिटांत येणारच. सुरुवात उत्पत्ती ३ पासून (आदामानं फळ खाल्ल्याची कथा) करू की हा सिद्धान्त पुरा मांडणाऱ्या ऑगस्टीनपासून? आणि बालबाप्तिस्मा (तान्ह्या बाळाला पाण्यानं दिला जाणारा संस्कार) कुठं आणू?

वाईघाट
उत्पत्ती ३ वाचा, पण तिथं अडकू नका. पाप वारशानं येतं असं त्या अध्यायात कुठंच लिहिलेलं नाही. यहुदी परंपरेनं तोच अध्याय वाचून हा सिद्धान्त काढला नाही. पाया आहे रोमकरांस पत्र ५:१२-२१. उतारा पुरा वाचून घ्या. बारावं वचन सुटं काढलं की चर्चा आदामाभोवतीच फिरते आणि हे पत्र लिहिणाऱ्या पौलाचा सगळा रोख ख्रिस्तावर आहे, तेच राहून जातं.

मग फळ्यावर तीन शब्द वेगवेगळे लिहा: मरण, पापाकडे ओढ, दोष (म्हणजे आदामाच्या अपराधाची जबाबदारी). खरी भांडणं तिसऱ्यावर झाली. पूर्वेकडच्या ऑर्थोडॉक्स मंडळ्या पहिल्या दोन मानतात. आदामाचा दोष बाळाच्या माथी मारत नाहीत. दुसऱ्या शतकातला बिशप इरेनियस, त्याचा आदाम तर पोरसवदाच आहे.

बाप्तिस्मा इथंच आणा, कारण प्रथा आधीची, पुरा सिद्धान्त नंतरचा. इ.स. २०० च्या सुमारास ख्रिस्ती लेखक टर्टुलियन म्हणतो, निष्पाप वयाला पापक्षमेची घाई कशाला? (गंमत म्हणजे बिघाड आईबापांकडून आत्म्यात उतरतो, हेही त्याचंच मत.) पुढं तिसऱ्या शतकात कार्थेजचा बिशप सिप्रियन लिहितो, आठव्या दिवसापर्यंतही थांबू नका; बाळाला क्षमा मिळते ती परक्या, म्हणजे आदामाच्या, पापाची. ऑगस्टीननं (३५४-४३०) पेलागियसपंथीयांना (बाळ निष्पापच जन्मतं असं म्हणणाऱ्यांना) याच प्रथेवरून कोंडीत पकडलं: बाप्तिस्मा पापक्षमेसाठी, बाळानं तर काही केलेलं नाही, मग क्षमा कशाची? ४१८ च्या कार्थेज परिषदेनं हीच बाजू उचलून धरली.

माणदेशी
एक भर. ऑगस्टीनच्या लॅटिन पाठात ५:१२ चा अर्थ ‘ज्याच्यामध्ये सर्वांनी पाप केलं’ असा होत होता, मूळ ग्रीकमध्ये ‘कारण सर्वांनी पाप केलं’. पण सिद्धान्त या एका चुकीवर उभा आहे असं मुलांना सांगू नका. ५:१९ (एकाच्या आज्ञाभंगानं पुष्कळ जण पापी ठरले) उरतंच.

विश्रामबाग, सांगली
कॅथलिक मुलांसाठी ट्रेंट परिषद, १५४६: पाप अनुकरणानं नाही, वंशपरंपरेनं येतं, बाप्तिस्म्यानं ते जातं, मागं ओढ राहते, पण ती ओढ म्हणजे पाप नव्हे. ल्यूथरपंथीयांच्या १५३० च्या आउग्सबुर्ग कबुलीजबाबात (त्यांच्या श्रद्धेच्या जाहीर निवेदनात) मात्र हा जन्मजात रोग खरोखरच पाप आहे. एवढा फरक नीट कळला तरी दुसरा रविवार कारणी लागला.

‘आम्ही का?’ला मध्ययुगीन ईशज्ञानी थॉमस अक्वायनस धरा. त्याच्या मते मूळपाप म्हणजे आदामाला मिळालेल्या मूळ नीतिमत्तेचा अभाव. आडातच नाही तर पोहऱ्यात कुठून येणार?

हिंदू मुलं हमखास ‘म्हणजे संचित’ म्हणतील. लगेच थांबवा. संचित ज्याचं त्याचं, स्वतःच्या कर्माचं. इथं मागचा जन्मच नाही.

कृष्णाकाठ
आभार. बाप्तिस्म्याआधी दगावलेल्या बाळाचं कुणी विचारलं तर?

विश्रामबाग, सांगली
ऑगस्टीनचं उत्तर कठोर होतं: दंड, पण सर्वांत सौम्य. मध्ययुगात ‘लिंबो’ आलं: अशा बाळांची, ना स्वर्ग ना यातना अशी जागा. तो कॅथलिक चर्चचा बंधनकारक सिद्धान्त कधीच नव्हता. २००७ मध्ये व्हॅटिकनच्या ईशज्ञान आयोगानं अशा बाळांच्या तारणाची आशा धरायला सबळ आधार आहे असं म्हटलं. ‘आशा’च म्हणा, ‘खात्री’ नको. आणि विचारणाऱ्याच्या घरी तसं काही घडलेलं असू शकतं, तेव्हा हे फळ्यावर लिहून शिकवू नका.