मदत हवी आहे: 'लायला' आधी वाचू की 'जॅक'?

दोन्ही अमेरिकन लेखिका मॅरिलिन रॉबिन्सन यांच्या कादंबऱ्या. याच मालिकेतल्या 'गिलियड' (२००४) आणि 'होम' (२००८) वाचून झाल्या. 'होम' सुरुवातीला फार संथ वाटली. पण जॅक वीस वर्षांनी घरी येतो, म्हाताऱ्या बापाला त्याला माफ करायचं असतं आणि ते जमत नाही, तिथून पुस्तक खाली ठेववेना.

काही माणसांचा नाश आधीच ठरलेला असतो का, असं जॅक दोन्हींत पाद्री एम्सना विचारतो. धड उत्तर मिळत नाही. वाचनगटासाठी महिनाभरात एकच कादंबरी होईल. परीक्षणं चाळली, ती कथानकच सांगत बसतात.

हा धागा 'लायला'त (२०१४) जास्त येतो की 'जॅक'मध्ये (२०२०)? आणि बायबल जेमतेम माहीत असताना, त्यातल्या यहेज्केल या पुस्तकाच्या संदर्भांसकट 'लायला' झेपेल का?