मदत हवी आहे: बाबांचा ब्रश दीड वर्षापासून कोरडा आहे

नमस्कार मंडळी. माझे बाबा ७६ वर्षांचे आहेत. आयुष्यभर त्यांनी कोल्हापुरात जलरंगातली निसर्गचित्रं केली. पंचगंगेचा घाट, रंकाळा, आणि जुने चित्रकार आबालाल रहिमान ज्याच्या काठी रमले ते कोटितीर्थ तळं. पहाटे रंगपेटी आणि पाण्याचा डबा घेऊन निघायचे, ऊन चढायच्या आत परत.

दीड वर्षापूर्वी मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. नजर स्वच्छ झाली, पण ते म्हणतात, "सगळं निळं निळं दिसतंय. माझीच जुनी चित्रं मला परकी वाटतात." डॉक्टरांनी समजावलं, पिवळं पडलेलं भिंग निळा प्रकाश अडवत होतं, आता तो आत पोचतोय. कारण कळलं, हात मात्र थांबला तो थांबलाच. कागद ताणून बोर्डवर लावतात, तासभर बघत बसतात, काढून ठेवतात. त्यात गुडघे, म्हणून घाटाच्या पायऱ्याही बंद.

फ्रेंच चित्रकार मातीसनं १९४१ च्या मोठ्या शस्त्रक्रियेनंतर रंगवलेले कागद कापून चित्रं केली, हे मी त्यांना सांगितलं. "तो मातीस होता गं," एवढंच म्हणाले.

इथं कुणी चित्रकार आहे का, ज्यांनी मोतीबिंदूनंतर रंग पुन्हा जुळवले? काही दिवस रंग बाजूला ठेवून नुसत्या कोळशानं किंवा शाईनं सुरुवात करावी का? कोल्हापुरात बाबांच्या वयाचं कुणी सोबत बसून चित्र काढायला तयार असेल तर फार बरं होईल. फक्त "वेळ घालवायला काहीतरी करा" असं कृपया सुचवू नका. चित्र हा त्यांचा वेळ घालवण्याचा उद्योग कधीच नव्हता.