‘स्पूफ’ म्हणजे विडंबन की आणखी काही?

अर्धविराम : बीबीसीच्या ‘लुक अराउंड यू’ (2002) या मालिकेची मराठी उपशीर्षकं करते आहे. जुन्या ब्रिटिश शालेय विज्ञान-कार्यक्रमांची हुबेहूब नक्कल. निवेदक अत्यंत गंभीरपणे धादांत खोटं विज्ञान शिकवतो. इंग्रजीत याला ‘स्पूफ’ म्हणतात. परिचयात ‘विडंबन’ लिहिलं होतं. ‘यात टवाळी कुठे आहे?’ म्हणून संपादकांनी खोडलं. दुसरा शब्द?

कानामात्रा : खोडायला नको होतं. संस्कृतात विडम्बन म्हणजे अनुकरणसुद्धा. अत्र्यांच्या ‘झेंडूची फुले’त घाट मूळ कवितेचा आणि आशय भलताच, तसंच हे. मानहानी ‘विडंबने’त असते, विडंबनात नव्हे.

गणगौळण : अत्र्यांना कवींची खोड काढायची होती. इथे शिक्षकावर रोख नाही, गंमत साच्याची आहे. ‘मॉन्टी पायथन’ या ब्रिटिश विनोदी मालिकेने (1969–74) तेच केलं : श्रेयनामावली कार्यक्रमाच्या मध्येच, निवेदक टेबलासकट उघड्या माळावर. माझं मत ‘बतावणी’ला. आर्थर रॉबर्ट्स या विनोदी नटाने फसवाफसवीच्या एका खेळाला ‘स्पूफ’ नाव दिलं, तिथून तो शब्द आला. आपल्याकडे ‘पोलीस असल्याची बतावणी करून दागिने लांबवले’ हे रोज छापून येतं, आणि तमाशात गौळणीनंतर, वगाच्या आधी होते तीही बतावणीच. दोन्ही अर्थ एकाच शब्दात!

कानामात्रा : तमाशातली बतावणी सवाल-जवाबावर, हजरजबाबीपणावर चालते. इथे निवेदकाला उलट विचारणारं कोणी नाही. उगाच देशी शब्द चिकटवू नका. त्यापेक्षा सरळ ‘स्पूफ’ लिहा.

रफार : परिचयातला शब्द कोणताही घ्या, मजा उपशीर्षकांत टिकली पाहिजे. भाषा पाठ्यपुस्तकाचीच हवी : साहित्य, कृती, निरीक्षण, अनुमान. ‘वहीत लिहा’, ‘आकृती पहा’. उद्गारचिन्ह एकही नको. भाषांतरकार हसतोय असं दिसलं की विनोद मेला. दोन ओळींच्या वर जाऊ नका. बाटल्यांवरच्या चिठ्ठ्यांचा मजकूर पडद्याच्या वरच्या भागात द्या, नाहीतर तो निवेदनात मिसळतो आणि वाचणाऱ्याचं दोन्ही हुकतं.

अर्धविराम : हे पटलं. त्यात भागांना ‘मॉड्यूल’ म्हणतात. ‘घटक’ करू?

रफार : ‘पाठ’ करा. एका भागाचा विषय सल्फर आहे. ‘घटक : गंधक’ लिहिलंत तर रसायनशास्त्रातला घटक वाटेल.

गणगौळण : तसं वाटायलाच हवं ना? आणि ‘गंधक’ का? हल्लीची मुलं ‘सल्फर’ म्हणतात.

कानामात्रा : नक्कल जुन्या कार्यक्रमांची आहे. गंधकच.