घरचा व्हेज फ्राइड राइस : फडफडीत की गिच्च? (अनुभव धागा)

ओली काडेपेटी

गेल्या रविवारी धाकट्याच्या वाढदिवसाला घरीच फ्राइड राइस करायचा घाट घातला. मुलं अकरा. चार वाट्या इंद्रायणी धुतला, कुकरला लावला, तीन शिट्ट्या घेतल्या. झाकण उघडल्यावर वास काय सुटला म्हणून सांगू! पण इंद्रायणी तो इंद्रायणीच, शीत शिताला धरून बसलेलं. तो वाफाळता गोळा नॉनस्टिक कढईत भाज्यांवर लोटला आणि उलथण्याने मोडायला गेले. पाच मिनिटांत खिमट. रंग येईना म्हणून सोया सॉस, तरी येईना म्हणून आणखी सोया सॉस. मुलाचा एक मित्र ताटाकडे बघून अगदी सभ्यपणे म्हणाला, "काकू, ही काळी खिचडी आहे का?"

खाल्लं पोरांनी, केचप घालून. उरलेल्यात दुसऱ्या दिवशी ज्वारीचं पीठ मिसळून थालीपिठं लावली, ती मात्र फर्मास झाली.

तर मंडळी, नुसती कृती नको, ती शंभर ठिकाणी मिळते. तुमचा कसा फसला आणि मग काय केल्यावर जमला, ते लिहा.

पावशेर

इंद्रायणी वरणभाताला ठेवा हो. मी जुना कोलम घेते. नवा तांदूळ कितीही सांभाळला तरी चिकटतोच. अर्धा तास भिजवायचा, मग मोठ्या पातेल्यात तांदळाच्या सहापट तरी पाणी खळखळा उकळून त्यात सोडायचा, मीठ आणि चमचाभर तेल घालून. सहा-सात मिनिटांनी एक शीत काढून बोटात दाबायचं. कडेने मऊ आणि मधोमध बारीकशी कणी लागली की उतरवायचं, चाळणीत वेळायचं आणि लगेच परातीत पसरून पंख्याखाली ठेवायचं. पेजेत मीठ आणि तूप घालून मी ओट्याशीच उभ्या उभ्या पिते, ते माझं मानधन.

फसल्याचं म्हणाल तर, कुणीतरी सांगितलं की वेळलेला भात नळाखाली धुतला की सुटा होतो. धुतला. सुटा झाला, पण ओलाचिंब. कढईत टाकल्यावर परतला जायच्याऐवजी उकडतच राहिला. धुवायचंच असेल तर मग तासभर तरी वाळू द्या.

आळशी बल्लव

एवढा खटाटोप कशाला? रात्रीचा भात फ्रीजमध्ये ठेवायचा, सकाळी हाताने मोकळा करायचा. गार भातातलं पिष्ट घट्ट होतं, म्हणून शितं तुटत नाहीत. आपल्या आज्या शिळ्या भाताला मोहरी, हिंग, हळद, कांदा, शेंगदाणे घालून हेच करत होत्या. फोडणीच्या भाताला कोबी-गाजर लावलं की चारपट दाम!

सूक्ष्मदर्शक

बल्लव, फ्रीजमध्ये ठेवता हे बरंय. माझी नोकरी अन्नतपासणीच्या प्रयोगशाळेत, म्हणून एक सांगते. तांदळात बॅसिलस सेरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू असतात आणि ते भात शिजवताना मरत नाहीत. भात ओट्यावर कोमट राहिला की ते वाढतात आणि विष तयार करतात. त्यातलं उलट्या करवणारं विष पुन्हा परतून, गरम करूनही जात नाही. सकाळचा भात दिवसभर बाहेर ठेवून रात्री फ्राइड राइस, हे आमच्या घरीही चालायचं. एकदा रात्री आम्ही तिघं आळीपाळीने मोरीत. तेव्हापासून भात उथळ डब्यात पसरते, वाफ गेली की तासाभरात फ्रीजमध्ये आणि दुसऱ्या दिवशी संपवून टाकते. खोल पातेल्यात ठेवला तर मधला भाग कितीतरी वेळ कोमटच राहतो.

मीठ कमी

माझ्या वडिलांची उल्हासनगरला चायनीजची गाडी होती. मी बारावीपर्यंत रोज संध्याकाळी कोबी चिरलाय, त्यामुळे या धाग्यावर बोलायचा थोडा हक्क आहे.

भात दुपारी तीनला शिजायचा आणि टेबलावर पांढरं कापड टाकून त्यावर पसरला जायचा. फरसबी आणि गाजर अगदी बारीक चौकोनी. कोबी मात्र लांब, केसासारखा. फरसबीला आधी उकळत्या पाण्यात दोन मिनिटं, नाहीतर ती कच्ची राहते आणि तिच्या नादात बाकीच्या भाज्या मऊ पडतात. सिमला मिरची सगळ्यात शेवटी.

आता कढई. लोखंडी, पातळ, खालून काळीकुट्ट. भट्टी ढणढण पेटायची, आपण दोन हात लांब उभे राहिलो तरी चेहरा भाजायचा. बाबा कढई धूर येईपर्यंत तापवत, तेल ओतून चारी बाजूंना फिरवत, ते तेल परत डब्यात काढत आणि नवं घालत. मग लसूण. ती लाल व्हायच्या आत भाज्या, भाज्यांचा रंग उजळला की भात. पळीच्या पाठीने भाताचे गठ्ठे दाबून फोडायचे. पळीच्या धारेने नाही, त्याने शितं तुटतात. सोया सॉस कधीही भातावर नाही, कढईच्या काठावर. तापल्या लोखंडावर तो चर्र करून अर्धा आटतो आणि जो वास उठतो ना, तोच गाडीचा वास. भातावर ओतलात तर नुसता ओला काळा भात. (ताई, वाईट वाटून घेऊ नका.) मग चमचाभर व्हिनेगर, पांढऱ्या मिरीची पूड, चिमूटभर साखर, वर कांद्याची पात.

आणि कितीही गर्दी असो, एका वेळी दोनच प्लेट. गिऱ्हाईक ओरडायचं, "चारही एकदम काढा की!" बाबा ऐकायचे नाहीत. भात जास्त झाला की कढई थंड पडते, पाणी सुटतं, संपलं. घरची शेगडी तर त्या भट्टीपुढे निरांजन. त्यामुळे मी घरी एका वेळी दीड वाटी शिजलेल्या भाताच्या वर जात नाही. अकरा मुलांसाठी सात-आठ वेळा परतावं लागेल. पण एकेक खेप तीन-चार मिनिटांची असते.

अजिनोमोटोबद्दल विचारणारच कुणीतरी. 1908 साली जपानमध्ये किकुनाए इकेदा या रसायनशास्त्रज्ञाने कोंबू या समुद्री शेवाळाच्या रश्शातून ती चव शोधून काढली. ती चव ज्या ग्लुटामेटची, ते टोमॅटोतही असतं. बाबांना यातलं काही ठाऊक नव्हतं, ते अजिनोमोटोला नुसतं 'चिमूट' म्हणायचे. "चिमूट नको" म्हणणाऱ्याला देत नसत, मीठही जास्त घालत नसत, फक्त लसूण दुप्पट करायचे. मी घरी तेच करतो.

कालव्याकाठची

ॲमस्टरडॅमहून. इथे नासी गोरेंगसाठी (इंडोनेशियाचा परतलेला भात) म्हणून चिरलेल्या भाज्यांचं पाकीट सुपरमार्केटात मिळतं. इंडोनेशिया डचांची वसाहत होती, तेव्हापासून हा भात इथल्या घराघरांत शिरलाय. मी तेच पाकीट आणते, आपल्या भाताला छान चालतं. सोबत केचाप मानिस, म्हणजे गोडसर दाट सोया सॉस. तो मात्र जपून, मिनिटात करपतो.

फसलेला प्रसंग: 'कढई धूर येईपर्यंत तापवा' हे मी अक्षरशः घेतलं. घर तिसऱ्या मजल्यावर, स्वयंपाकघराला नावापुरती खिडकी, डोक्यावर धुराची घंटा. घंटा वाजली, वरची आजीबाई काठी टेकत खाली आली आणि मी दारात झारा घेऊन उभी. आता इंडक्शनवर सपाट बुडाचा बिडाचा तवा तापवते, पण भाज्या आणि भात वेगवेगळे परतते, शेवटी एकत्र. आजीबाईला तेव्हापासून एक डबा जातो.

तागडी

वय 68. मागच्या वर्षी हिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि मी प्रथमच स्वयंपाकघरात शिरलो. आयुष्यभर हिशेब तपासले, त्यामुळे 'अंदाजाने' या शब्दाचा मला राग. वजनकाटा घेऊन बसलो आणि वहीत नोंदी ठेवल्या. सहाव्या खेपेला जमला तो असा: शिजवून गार केलेला भात 300 ग्रॅम, सगळ्या भाज्या मिळून 120 ग्रॅम, तेल दीड मोठा चमचा, सोया सॉस दोन छोटे चमचे, व्हिनेगर अर्धा छोटा चमचा. मीठ निम्मंच, कारण सॉसमध्ये असतंच. पहिल्या खेपेला मी दोन्ही पूर्ण घातलं होतं. हिने एक घास घेतला, पाणी प्यायली आणि म्हणाली, "मला डॉक्टरांनी चालायला सांगितलंय, धावायला नाही."

तिरफळ

शेजवान राइसवर कुणीच बोललं नाही? 'शेजवान' म्हणजे चीनचा सिचुआन प्रांत. पण आपल्या शेजवान चटणीत लाल मिरची आणि लसूणच. तिथल्या जेवणात जीभ बधिर करणारी सिचुआन मिरी असते, ती आपल्या बाटलीत सहसा नसते. गंमत म्हणजे कोकण-गोव्याचं तिरफळ त्याच मिरीच्या कुळातलं. माझी आई मालवणची, बांगड्याच्या तिखल्यात तिरफळ हवंच. मी एकदा चटणी करताना सहा-सात तिरफळांच्या आतल्या काळ्या बिया काढून टाकल्या, सालं जराशी ठेचली आणि तेलात सोडली. बेडगी मिरच्या भिजवून वाटलेल्या, भरपूर लसूण, थोडं आलं. तेल वर येईस्तोवर मंद आचेवर परतली. ओठ झिणझिणले! नवरा म्हणाला, यात बांगडा कुठाय?

बिया राहू दिल्यात तर कचकच लागते, हे अनुभवाने सांगते.

उपासाचं पीठ

आषाढीला लेकीने हट्ट धरला म्हणून वरईच्या तांदळाचा करून पाहिला. गाजर कुणाला चालतं, कुणाला नाही. बटाटा, मिरची, दाण्याचा कूट. सॉस अर्थातच नाही. मऊ पडला. आमच्याकडे त्याला उपमा म्हणतात.

ओली काडेपेटी

काल पुन्हा केला. जुना कोलम, वेळून परातीत, पंख्याखाली दीड तास. तेवढ्यात मांजर एकदा चालून गेलं, तो कोपरा काढून टाकला. लोखंडी कढई माळ्यावरून काढली, तीत सासूबाई अनरसे तळायच्या. तीन खेपा, प्रत्येक खेपेला दीड वाटी. सॉस काठावर ओतला आणि खरंच तो वास आला! पहिली खेप जरा करपली, कारण वास घेत उभी राहिले. दुसरी आणि तिसरी फडफडीत.

धाकटा ताट चाटून म्हणाला, "छान झालाय. पण ती थालीपिठं परत कधी करणार?"