मानवी हक्क सर्वांचे, मग दाद मोजक्यांनाच का मिळते?

प्रश्न (विद्यार्थिनी, सदाशिव पेठ):
राज्यसेवेच्या मुख्य परीक्षेसाठी मानवी हक्कांचा अभ्यास करत आहे. १० डिसेंबर १९४८ रोजी पॅरिसमध्ये संयुक्त राष्ट्रांचा मानवी हक्कांचा वैश्विक जाहीरनामा संमत झाला, तेव्हा ४८ देशांनी बाजूने मत दिले, ८ तटस्थ राहिले आणि विरोधात एकही मत पडले नाही. असे असूनही अंमलबजावणी देशागणिक, किंबहुना माणसागणिक का बदलते?

उत्तर (निवृत्त प्राध्यापक, कोथरूड):
विरोधी मत पडले नाही, यावर फार विसंबू नका. तटस्थांमध्ये सोव्हिएत संघ आणि सौदी अरेबियाबरोबर त्याच वर्षी वर्णभेदाचे धोरण हाती घेणारी दक्षिण आफ्रिका होती, तर बाजूने मत देणाऱ्या ब्रिटन आणि फ्रान्सच्या ताब्यात तेव्हाही वसाहती होत्या. शिवाय जाहीरनामा मुळात बंधनकारक नव्हता. त्यावर आधारलेले दोन करार व्हायला १९६६ उजाडले, ते अमलात आले १९७६ मध्ये, आणि भारत त्यांत १९७९ मध्ये सामील झाला. सुरक्षा परिषदेतील ५ देशांना नकाराधिकार असल्याने त्यांना जाब विचारणे आजही दुरापास्त आहे.

उत्तर (वकील, शिवाजीनगर):
सरांचे म्हणणे रास्त आहे, पण सगळा दोष महासत्तांच्या माथी मारून आपली सुटका होत नाही. छळविरोधी करारावर भारताने १९९७ मध्ये सही केली. त्याचे अनुसमर्थन, म्हणजे करार बंधनकारक करणारी अंतिम मान्यता, मात्र अद्याप केलेले नाही. १९९३ च्या कायद्याने स्थापन झालेले मानवी हक्क आयोग साक्षीदार बोलावू शकतात, कागदपत्रे मागवू शकतात, पण अखेरीस त्यांच्या हाती उरते ती शिफारस. त्यातच हक्कभंगाच्या घटनेला वर्ष उलटले की आयोगाला चौकशी करता येत नाही. कोठडीत मार खाल्लेला माणूस सुटल्यावर त्याच ठाण्याच्या हद्दीत राहतो, हे लक्षात घेतले तर ही मुदत किती तोकडी आहे ते कळेल.

उत्तर (कामगार कार्यकर्ती, येरवडा):
माझ्या मते हक्क कागदावर आहे की नाही, यापेक्षा तो मागणाऱ्याकडे पुरावा आहे का, यावर सारे ठरते. हाताने मैला उपसण्यावर २०१३ च्या कायद्याने बंदी आहे आणि गटारात मृत्यू झाल्यास ३० लाख रुपये भरपाई द्यावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये सांगितले आहे. तरीही ठेकेदाराचा माणूस मास्क नसताना, कमरेला दोर बांधून ड्रेनेजच्या चेंबरमध्ये उतरतो, आणि हजेरीपत्रकावर त्याचे नावच नसेल तर तो तेथे कामाला होता, हे आधी त्याच्या घरच्यांना सिद्ध करावे लागते. उत्तर लिहिताना १९४८ बरोबर या हजेरीपत्रकाचाही उल्लेख अवश्य करा.